खोली नंबर नऊ

खोली नंबर नऊची किल्ली माझ्या करदोट्याला,
सव्वीस वर्षं.
आमच्या खानापुरात समुद्र एवढाच:
सिमेंटचा कट्टा, चौदा बरण्या,
आणि डोळ्यांना झोंबणारं फॉर्मेलिन.

पहिल्या बरणीत तारामासा. चार हातांचा.
पाचवा कुठं गेला ते मला ठाऊक आहे,
माझ्याच हातून गेला तो.
झाकण गंजलेलं, मी जोर लावला,
बघतो तर तळाशी जिलबीच्या तुकड्यागत पडलेला.
कुणाला सांगितलं नाही. कागदात गुंडाळून
मलप्रभेत सोडला.
नदी पूर्वेला जाते, त्याचं घर पश्चिमेला,
हे परतताना पुलावर लक्षात आलं.

चिठ्ठ्या मीच चिकटवतो.
आधी मराठी होती, तिच्यावर कानडी आली,
तिच्यावर टाईप केलेलं लॅटिन,
जे पट्टणशेट्टी मॅडमही अडखळत वाचतात.
पावसाळ्यात डिंक सुटतो, पापुद्रे वर येतात,
खालचं जुनं अक्षर डोकावतं, मी अंगठ्यानं दाबतो.
तारामासा म्हणा, नक्षत्र मीनु म्हणा,
त्याला डोकंच नाही.
कुठल्या बाजूनं ओ देणार?

दुसरीत साळिंदर, काटे सगळे झडलेले.
त्याच्या तोंडात पाच दातांचा कंदील असतो म्हणे.
मी एकदा बॅटरी मारून बघितलं.
विझलेला होता.

समुद्रकाकडी कुणी हातात घेत नाही.
मॅडम सांगतात, फार छळलं की ती
स्वतःची आतडीच बाहेर टाकते नि निघून जाते,
मग कुठंतरी सावकाश नवी घडवते.
मागच्या बाकावरची पोरं हसली.
मला थोरला भाऊ आठवला,
लोंढ्याला गाडीत बसला तेव्हाचा.

एकदा परीक्षेत रेणुका नाईकवाडीनं
चारच हात काढले. दिसले तेवढे.
बाहेरून आलेल्या सरांनी मार्क कापले.
पोरगी पायरीवर बसून रडायली होती.
म्हटलं, बाई, तुझं चित्र बरोबर आहे,
चुकलंय ते बरणीत.
नाक पुसत तिनं विचारलं,
सातेरीमामा, तुम्ही समुद्र बघितलाय?
म्हटलं, कारवारला गेलोय लग्नाला.
रात्री पोचलो, पहाटे निघालो.
आवाज ऐकला.

दिवाळीनंतरच्या एका बुधवारी रोझालिनबायनं
बर्फाच्या पेटीत, बांगड्यांच्या खालून
एक उपसून काढला.
"हे कोण खातलं? ने तुझ्या कालेजात."
पाचही हात शाबूत. वरून विटकरी, पोटाकडं पिवळट.
मी पळतच आलो.
ट्रेमध्ये पाणी घेतलं, वाण्याकडची मिठाची पुडी फोडली,
टाकलं, चाखलं, परत टाकलं.
समुद्र किती खारट ते कुणाला विचारणार?
कारवारच्या त्या पंगतीतली आमटी आठवली,
तेवढं केलं.

तीनची घंटा चुकली माझी. बसून होतो.
उलथा केला तर खाली बारके बारके पाय,
मोहरी पेरावी तसे, रांगेनं.
त्यातला एक हलला.
किंवा मी ट्रेला टेकलो असेन.
पंखाही चालू होता.

मॅडम दारात आल्या, बराच वेळ काही बोलल्या नाहीत.
मग म्हणाल्या, सातेरी, घाला आता बरणीत,
उद्यापर्यंत वास सुटेल.
घातला.
पंधरावीवर चिठ्ठी अजून कोरी आहे,
साहेबांनी दोनदा विचारलं,
डिंक संपलाय म्हणून सांगितलं.

दर जूनला पहिल्या बरणीचं पाणी बदलतो.
त्याला बाहेर काढून
तुटल्या जागेवर बोट फिरवतो.
खरखरीत लागते.
यंदा वाटलं, जरा
उंचवटा
नाही. खरखरीतच.